तरस काय खाते, आणि शेळी कोणी नेली

बोरी नदीकाठच्या, पारोळा तालुक्यातील एका तरुण शेतकऱ्याने प्रश्न विचारला आहे. त्यांच्या वाड्यातली एक शेळी रात्रीतून नाहीशी झाली आणि सकाळी अर्ध्या किलोमीटरवरच्या नाल्यात तिचे डोके, दोन खूर आणि पोटातला चारा एवढेच सापडले. शेजारी नखे उमटलेले मोठे ठसे होते आणि वाळून पांढरी पडलेली विष्ठा होती. गावातील वडीलधारी मंडळी म्हणतात की तडसानेच, म्हणजे तरसानेच, शेळी मारली. पाहणीला आलेल्या वनकर्मचाऱ्यांचे म्हणणे असे की तरस मेलेलेच खाते, ते शिकार करत नाही. मोबाइलवर मात्र तरसांची टोळी धावत्या झेब्र्याला पाडताना दिसते. यातले खरे काय, तरसाच्या सगळ्या जाती एकच खातात का, आणि नाल्यापुढच्या घळीत हाडांचा ढीग असलेले एक बीळ आहे त्याचे काय करावे, असे त्यांनी विचारले आहे.

तिन्ही म्हणण्यांत तथ्य आहे, पण ती तिन्ही एकाच प्राण्याविषयीची नाहीत, हे माझे थोडक्यात उत्तर आहे. मी धुळे आणि जळगाव जिल्ह्यांत पशुवैद्यक म्हणून ३१ वर्षे काम केले. वन्यप्राण्यांनी मारलेल्या म्हणून दाखवल्या गेलेल्या शेकडो शेळ्या, मेंढ्या आणि वासरे या काळात मी तपासली आणि रस्त्यावर मेलेल्या काही तरसांचे शवविच्छेदनही केले. त्या अनुभवावरून आणि जगभरच्या अभ्यासकांनी तरसांविषयी जे सिद्ध केले आहे त्यावरून सविस्तर लिहितो.

आज जगात तरसाच्या चार जाती उरल्या आहेत. आपल्याकडे आढळते ते पट्टेरी तरस, ज्याला खानदेशात बहुतेक गावांत तडस म्हणतात. उरलेल्या तीन जाती, म्हणजे ठिपकेदार तरस, तपकिरी तरस आणि आर्डवुल्फ नावाचे लहान तरस, फक्त आफ्रिकेत आहेत. दिसायला हा प्राणी कुत्र्यासारखा असला तरी त्याचे कूळ मांजर आणि मुंगूस यांच्या बाजूचे आहे. आहाराच्या दृष्टीने मात्र या चौघांना एका नावाखाली घेणे म्हणजे घार आणि घुबड दोन्ही पक्षी म्हणून त्यांचे खाणे एकच समजण्यासारखे आहे. एक जात जिवंत रानरेडा पाडते, एक समुद्रकिनाऱ्यावर सीलची पिले उचलते, एक रात्रभर वाळवी चाटते आणि आपले तरस दुसऱ्यांनी सोडून दिलेल्या हाडांवर आणि कातड्यावर जगते.

आधी मोबाइलवरच्या चित्रफितीचे पाहू, कारण गैरसमजाचे मूळ तिथे आहे. ती तरसे ठिपकेदार असतात. हा प्राणी ४५ ते ८० किलोपर्यंत भरतो, त्यातही मादी नरापेक्षा मोठी असते आणि कळपावर तिचेच चालते. काही ठिकाणी एका कळपात ८० पर्यंत जनावरे असतात. पूर्वी युरोपीय प्रवाशांनी या तरसाला भित्रे आणि उष्टे खाणारे ठरवले होते. सकाळी सिंह शिकारीवर बसलेला आणि तरसे भोवती ताटकळत उभी असे दृश्य त्यांना दिसे, म्हणून शिकार सिंहाची आणि उष्टे तरसाचे, असा हिशेब त्यांनी मांडला. १९६० च्या दशकात हान्स क्रुक या संशोधकाने टांझानियातील सेरेंगेटीचे मैदान आणि न्गोरोंगोरो हे जुन्या ज्वालामुखीचे विवर येथे रात्रीच्या चांदण्यात त्यांच्या मागे गाडी घेऊन फिरून पाहिले, तेव्हा चित्र उलटले. न्गोरोंगोरोच्या त्या विवरात रात्री शिकार करणारी तरसेच होती, आणि गोंगाट ऐकून येऊन ती हिसकावून घेणारा बरेचदा सिंह होता. पुढे केनियातील मसाई मारा येथे के होलेकँप यांनी १९८८ पासून चालवलेल्या दीर्घ अभ्यासातही हे तरस आपले बहुतेक अन्न स्वतः मारून मिळवते, हेच दिसून आले.

त्यांची शिकार करण्याची तऱ्हा बिबट्याच्या दबा धरण्यापेक्षा अगदी वेगळी आहे. ती सावजाला पळवून दमवतात आणि ताशी साठ किलोमीटरपर्यंत वेग गाठू शकतात. विल्डबीस्ट या हरणकुळातील प्राण्यामागे बहुतेक वेळा एखाद-दुसरेच तरस लागते आणि बाकीची नंतर येऊन मिळतात. झेब्र्याचा नर मात्र लाथा मारून कळपाचे रक्षण करत असल्यामुळे त्याच्यासाठी दहा-बारा किंवा अधिक तरसे आधीच एकत्र जमून निघतात. सावज पडल्यावर खाण्याची घाई इतकी असते की अर्ध्या तासाच्या आत जमिनीवर रक्ताचा डाग आणि कवटी एवढेच उरते. एक तरस एका बैठकीत स्वतःच्या वजनाच्या जवळजवळ एक तृतीयांश खाऊ शकते. या घाईचे कारण कळपातच आहे, कारण जे हळू खाईल त्याला उरणार नाही, आणि वरच्या मानाच्या मादीची पिलेही खालच्या मानाच्या मोठ्या नराला बाजूला सारून खातात.

या जातीची आणखी एक सवय लक्षात ठेवावी, कारण ती पुढे आपल्या घळीतल्या बिळाशी जुळवून पाहायची आहे. ठिपकेदार मादी पिलांसाठी बिळावर फारसे मांस आणत नाही. तिचे दूध स्निग्धांश आणि प्रथिने यांनी अतिशय भरलेले असते आणि पिले वर्षभर, कधी त्याहूनही अधिक काळ, त्यावर वाढतात. त्यामुळे तिच्या बिळाभोवती हाडे तुलनेने कमी साचतात.

एकाच जातीचे खाणेही जागेप्रमाणे किती बदलते, याचे मला सर्वात महत्त्वाचे वाटणारे उदाहरण उत्तर इथिओपियातील आहे. तिथे जंगली हरणे जवळपास संपली आहेत आणि तीच शिकारी ठिपकेदार तरसे माणसांच्या गावांभोवती खाटकांनी फेकलेल्या हाडा-आतड्यांवर आणि मेलेल्या जनावरांवर जगतात. त्याच देशाच्या पूर्वेकडील हरार शहरात तर पिढ्यानपिढ्या काही माणसे रात्री वेशीबाहेर बसून त्यांना हाताने मांस भरवतात. मेकेले शहराच्या परिसरात संशोधकांनी ईस्टरपूर्वीच्या ५५ दिवसांच्या उपवासाआधी, उपवासात आणि उपवासानंतर तरसांच्या विष्ठेतील केस तपासले. उपवासात तिथले ख्रिस्ती लोक मांस खात नाहीत, खाटकांचे काम थांबते आणि टाकाऊ मांस मिळेनासे होते. त्या काळात विष्ठेतील गाढवांच्या केसांचे प्रमाण वाढले, म्हणजे उकिरड्यावरचे अन्न बंद होताच तरसे गाढवे मारू लागली, आणि उपवास संपताच ती पुन्हा आपल्या जुन्या खाण्याकडे वळली. पट्टेरी तरस ही जात वेगळी आहे, हे मान्य करूनही, मेलेली ढोरे आणि जिवंत शेळ्या यांचा संबंध समजून घ्यायचा असेल तर हे उदाहरण प्रत्येक पशुपालकाने डोळ्यांपुढे ठेवावे असे मला वाटते.

तपकिरी तरस नामिबिया, बोत्स्वाना आणि दक्षिण आफ्रिका या बाजूच्या कोरड्या प्रदेशात राहते आणि स्वभावाने आपल्या तरसाच्या बरेच जवळ आहे. त्याचे कुटुंब एका हद्दीत एकत्र राहते आणि एका बिळावर पिले वाढवते, पण अन्न शोधायला प्रत्येक जण एकटा निघतो आणि एका रात्रीत तीस किलोमीटर किंवा त्याहून अधिक चालतो. कालाहारीत त्याला जे मिळते ते बहुधा सिंह किंवा बिबट्याने सोडलेले हाड, वाळलेले कातडे, किडे, एखादे लहान जनावर किंवा शहामृगाचे अंडे असते; अंडी जास्त मिळाली तर ते ती उचलून झुडपांत लपवून ठेवते. पाण्याची गरज भागवण्यासाठी ते त्सामा नावाची रानटी कलिंगडे खाते. स्वतः मारलेल्या प्राण्यांचा त्याच्या आहारातील वाटा फारच थोडा असतो. याला अपवाद नामिबच्या समुद्रकिनाऱ्याचा आहे. तिथे सीलच्या मोठ्या वसाहती आहेत आणि विणीच्या काळात हेच तरस सीलची पिले मारते. सावज असहाय आणि मुबलक असेल तर उष्टे खाणारा प्राणीही शिकारी होतो, हा त्याचा अर्थ आहे.

आर्डवुल्फविषयी थोडक्यात सांगतो. दहा-बारा किलोपलीकडे सहसा न जाणारा हा प्राणी जवळजवळ पूर्णपणे वाळवीवर, म्हणजे आपण जिला उधई म्हणतो तिच्यावर जगतो आणि एका रात्रीत दोन ते तीन लाख वाळव्या खातो. तो वारूळ फोडत नाही. गवत तोडायला रात्री उघड्यावर आलेल्या वाळव्या रुंद, चिकट जिभेने जमिनीवरून चाटून घेतो. त्या जातीची सैनिक वाळवी चिकट, उग्र रसायन फवारते, आणि ते सहन करण्याची क्षमता या प्राण्यात आहे. दाढा कामालाच येत नसल्यामुळे त्या खुंटासारख्या बारीक राहिल्या आहेत. दक्षिण आफ्रिकेतील थंडीत ही वाळवी बाहेर येईनाशी झाली की तो दिवसा फिरणाऱ्या दुसऱ्या एका वाळवीकडे वळतो, आणि तरीही हिवाळ्यात त्याचे वजन घटते. कोकरे मारतो म्हणून तिथल्या पशुपालकांनी या प्राण्याला अनेक वर्षे मारले, आणि ज्याच्या तोंडात कोकराचे हाड फोडण्याजोगी एकही दाढ नाही त्याच्यावर हा आळ यावा, याचे मला अजूनही वाईट वाटते.

उरलेल्या तिघांच्या दाढांचे मात्र ऐकण्यासारखे आहे. बिबट्याची दाढ कात्रीच्या पात्यासारखी असते. ती मांस कापते, पण जाड हाडापुढे थांबते. तरसाच्या जबड्यात कापणारी दाढ मागे असतेच, पण तिच्या पुढे शंकूसारख्या जाड, बसक्या उपदाढा असतात आणि हाड त्यांच्यावर फुटते. त्या दातांवरच्या कवचातील तंतू आत नागमोडी विणलेले असल्यामुळे दाताला तडा गेला तरी तो पुढे सरकत नाही. कवटीच्या माथ्यावर हाडाचा उंच कंगोरा असतो, त्याला जबड्याचे स्नायू बांधलेले असतात. मान जाड आणि पुढचे पाय मागच्यांपेक्षा लांब असतात, त्यामुळे वासराचा अख्खा मागचा पाय तोंडात धरून ते दूर चालत जाऊ शकते. जठरातील आम्ल हाडाचे तुकडे विरघळवते, हाडातील मगज आणि प्रथिने अंगी लागतात आणि उरलेला चुना विष्ठेवाटे बाहेर पडतो. म्हणून ताजी असताना हिरवट दिसणारी विष्ठा वाळल्यावर चुन्याच्या गोळ्यासारखी पांढरी होते. इंग्लंडमधील यॉर्कशायरच्या कर्कडेल गुहेत १८२१ मध्ये हत्ती, गेंडे आणि इतर अनेक प्राण्यांची चावलेली हाडे सापडली, तेव्हा विल्यम बकलंड या भूवैज्ञानिकाने जिवंत तरसाला हाडे चारून त्याच्या दातांच्या खुणा आणि विष्ठा ताडून पाहिली आणि ती गुहा प्राचीन तरसांची होती हे दाखवून दिले. आपण नाल्यात पाहिलेली पांढरी विष्ठा म्हणजे त्याच प्रकारचा पुरावा आहे. तिथे तरस आले होते, यात मला शंका वाटत नाही. ते शेळी मारायला आले होते की मेलेली शेळी खायला, हा प्रश्न मात्र त्या विष्ठेने सुटत नाही.

आता पट्टेरी तरसाविषयी. उत्तर व पूर्व आफ्रिकेपासून अरबस्तान, मध्य आशिया आणि भारतापर्यंत पसरलेला हा प्राणी रात्रीचा आणि बहुधा एकटा फिरतो. तो हसण्यासारखा आवाज काढत नाही. ते ठिपकेदार तरसाचे काम. संकट आले तर पाठीवरची आयाळ उभी करून आपले अंग मोठे दाखवतो, आणि कुत्र्यांनी फार घेरले तर मेल्याचे सोंगही घेतो. आपल्याकडे सातपुड्याच्या पायथ्यापासून गौताळ्याच्या डोंगरापर्यंत त्याला राहायला जागा आहे, पण त्याच्या खऱ्या आवडीच्या जागा मला तापी, गिरणा आणि बोरी यांच्या काठांवरच्या पिवळ्या मातीच्या घळींत दिसल्या आहेत. तिथे बीळ खणायला माती मऊ असते, दिवसा माणूस फिरकत नाही आणि वरच्या सपाटीवर ढोरे पाळणारी गावे असतात. त्याचे खाणे प्रामुख्याने मेलेली गाय, म्हैस, बैल, शेळी, गाढव, कुठे नीलगाय किंवा रानडुक्कर, आणि त्यांचेही मांस संपल्यानंतरचे हाड, खूर, कातडे यांचे असते. जोडीला ते उंदीर, ससे, सरडे, कासवे, पक्ष्यांची अंडी आणि किडे खाते. फळेही ते आवडीने खाते. इस्राएलमध्ये खजूर आणि खरबुजांच्या मळ्यांत त्याचा उपद्रव नोंदला गेला आहे. गिरणेच्या पात्रातल्या डांगर-टरबुजाच्या वाड्यांत कोल्ह्याच्या नावावर जमा होणाऱ्या नुकसानीतले काही या प्राण्याचे असावे, असे ठशांवरून मला दोनदा वाटले होते, आणि माघ-फाल्गुनात त्याच्या विष्ठेत बोराच्या आठळ्या तर मी अनेकदा पाहिल्या आहेत.

एक प्रसंग जरा तपशिलाने सांगतो, कारण या प्राण्याच्या पोटाविषयी मला त्यातून जितके कळले तितके पुस्तकांतून कळले नाही. धुळे–जळगाव महामार्गावर पहाटे एका वाहनाच्या धडकेने मेलेली, पूर्ण वाढलेली मादी वनकर्मचाऱ्यांनी आमच्या दवाखान्यात आणली होती. तिच्या सडांत दूध होते, म्हणजे कुठेतरी पिले होती. जठर उघडले तेव्हा आत सुमारे दीड किलो ऐवज होता: म्हशीच्या खुराचे दोन तुकडे, बोटभर लांबीचे आणि कडा विरघळून गुळगुळीत झालेले हाडांचे सहा-सात तुकडे, काळ्या केसांचा गोळा, कातड्याची चिवट पट्टी, भुंग्यांची कवचे, प्लास्टिकच्या पिशवीचा चुरगाळा, आणि या सगळ्याखाली कानात मारायचा पिवळा बिल्ला. त्यावरचे बाराही आकडे स्वच्छ वाचता येत होते. तो क्रमांक नोंदीत शोधला तेव्हा म्हैस तिथून ११ किलोमीटरवरच्या एका गावातील निघाली. त्या घरी फोन केला तेव्हा मालकाची आई म्हणाली, “डॉक्टरभाऊ, ती म्हैस ते मरी गई व्हती, नालाम्हा टाकेल व्हती.” म्हैस प्रसूतीनंतरच्या आजाराने नऊ दिवसांपूर्वी मेली होती आणि गावाबाहेरच्या नाल्यात टाकली होती. नवव्या दिवशी त्या म्हशीचे कुत्र्याला खाण्याजोगे काहीही उरले नसणार, आणि तरीही एक दूध पाजणारी मादी त्या खुरांसाठी आणि कानाच्या कुर्चेसाठी एवढे अंतर चालून गेली होती. ज्या प्राण्याला इतक्यावर पिले वाढवता येतात, त्याला जिवंत जनावराच्या लाथा खाण्याची गरज किती वेळा पडत असेल, याचा विचार आपण करावा.

तरीही तरस कधीच शेळी मारत नाही, असे मी म्हणणार नाही, कारण ते खरे नाही. बांधलेले करडू, एकटे पडलेले कोकरू, आजारी मेंढी किंवा गावकुत्रा हे पट्टेरी तरसाला सहज मारता येतात आणि ते मारतेही. ठेलारी मेंढपाळांच्या वाड्यांवरून मी अशी काही प्रकरणे निःसंशय तरसाची म्हणून नोंदवली आहेत. शासनाच्या नियमांतही पाळीव जनावरांच्या नुकसानीची भरपाई ज्या वन्यप्राण्यांसाठी मिळते त्यांत तरसाचे नाव आहे. त्यामुळे “तरस शिकार करत नाही” एवढ्या एका वाक्यावर कोणाचा पंचनामा नाकारला जाऊ नये. प्रत्येक वेळी पाहायचे ते मेलेले जनावर.

नोकरीच्या दुसऱ्या वर्षी माझ्याकडून यात चूक झाली होती. एका गावात पाच शेळ्या एका रात्रीत मेल्या, जवळ तरसाचे ठसे होते, लोकांचा आग्रह होता, आणि मी कातडी सोलून न पाहताच कारणाच्या रकान्यात तरस लिहिले. पुढच्या आठवड्यात त्या गावाजवळ कोणीतरी मेलेल्या वासरावर कापसावर फवारायचे औषध टाकून ठेवले आणि त्यात एक तरस, दोन कोल्हे आणि तीन गावकुत्री मेली. त्यानंतर दहा दिवसांनी दुसऱ्या वाड्यावर पुन्हा सात शेळ्या तशाच मेल्या, आणि या वेळी मोकाट कुत्र्यांची टोळी लोकांनी डोळ्यांनी पाहिली. त्या दिवसापासून मी कातडी सोलल्याशिवाय कधीही मत दिले नाही.

सोलल्यावर काय दिसते ते सांगतो. जनावर जिवंत असताना चावा बसला तर त्या जागी कातडीखाली रक्त साकळून काळेनिळे झालेले असते; मेल्यानंतरच्या चाव्याखाली मांस फिकट आणि स्वच्छ राहते. बिबट्याचा चावा बहुतेक वेळा गळ्यावर किंवा मानेवर असतो, सुळ्यांची खोल, नीट छिद्रे असतात, आणि त्याच्या ठशांत नखे उमटत नाहीत. कुत्र्यांचे चावे मागच्या मांड्या, शेपटीचे मूळ, कान आणि बरगड्या असे कुठेही, पुष्कळ आणि ओबडधोबड असतात, आणि एका रात्रीत अनेक जनावरे मारून फारसे न खाता सोडून देणे हे त्यांचेच लक्षण आहे. तरसाने केलेल्या कामात चावे थोडे, पण चिरडलेले असतात; मांडीचे हाड गाठीपाशी फुटलेले असते, बरगड्या मुळापासून तोडलेल्या असतात आणि शरीराचा मोठा भाग जागेवर नसतोच. ठशांत बोथट नखे दिसतात, बोटे एकमेकांना चिकटलेली असतात आणि पुढचा पंजा मागच्यापेक्षा उघडपणे मोठा असतो. कुत्र्याच्या ठशात हा फरक इतका ठळक नसतो.

आपल्या शेळीचे डोके उरले आहे, आणि नशिबाने मानेचा वरचा भाग त्याला चिकटलेला आहे असे आपण लिहिले आहे. तो भाग फेकू नये. पशुवैद्यकाने तिथली कातडी सोलून पाहिली तर गळ्यावर जिवंतपणीचा चावा होता की नाही हे बहुधा कळेल. गळ्याखाली साकळलेले रक्त आणि दोन-दोन छिद्रे दिसली, तर बिबट्याने मारले आणि तरसाने उरलेले नेले, असा अर्थ निघू शकतो. त्या भागात हे अशक्य नाही. छिद्रांऐवजी चिरडलेला चावा आणि त्याखाली साकळलेले रक्त दिसले, तर तरसाने स्वतः मारले असण्याची शक्यता मोठी. मान स्वच्छ असेल तर शेळी आधीच आजाराने मेली होती का, किंवा चावे दुसरीकडे होते का, हे शोधावे लागेल. आपल्याच पत्रात आदल्या दोन दिवसांपासून ती शेळी चारा सोडून बसली होती असे एक वाक्य आहे, आणि माझे लक्ष त्या वाक्यावर खिळले आहे.

आता मेलेल्या ढोरांविषयी, कारण आपल्या गावाच्या दृष्टीने या उत्तरातला हाच भाग मला सर्वात कळकळीने लिहावासा वाटतो. माझ्या लहानपणी ढोर टाकले की तासाभरात गिधाडे उतरत आणि रात्री तरस हाडांसाठी येई. डायक्लोफेनॅक दिलेल्या जनावराचे मांस खाऊन मूत्रपिंडे निकामी झाल्याने गिधाडे मेली, हे २००४ मध्ये सिद्ध झाले आणि २००६ मध्ये जनावरांसाठी त्या औषधावर बंदी आली. २०२३ मध्ये अॅसिक्लोफेनॅक आणि किटोप्रोफेन यांवरही आली. तोवर देशातली बहुतेक गिधाडे गेली होती. गिधाडांची जागा कुत्र्यांनी घेतली. मोकाट कुत्री दिवसा मांस संपवतात, टोळीने राहून तरसाला हुसकावतात, आणि ढोरे टाकायची जागा रिकामी झाली की तीच शेळ्यांच्या वाड्यांकडे वळतात. ऑगस्ट २०२२ मध्ये लम्पीची साथ आपल्या जळगाव जिल्ह्यातल्या रावेर तालुक्यातून राज्यात दिसू लागली आणि पुढचे काही महिने मेलेली जनावरे खोल पुरली गेली. ते आवश्यकच होते. पण त्याच हिवाळ्यात तरस गोठ्यापर्यंत आल्याचे निरोप मला नेहमीपेक्षा अधिक आले, आणि मेकेलेच्या उपवासाची मला तेव्हा सारखी आठवण होत असे.

म्हणून माझा सल्ला असा आहे. साथीच्या आजाराने, विशेषतः फाशी (अँथ्रॅक्स) या रोगाने मेलेल्या जनावराला कोणीही कापू किंवा सोलू नये. त्याला चुना घालून किमान सहा फूट खोल पुरावे. सेरेंगेटीतील ठिपकेदार तरसांच्या रक्तात फाशीविरुद्धची प्रतिपिंडे मोठ्या प्रमाणात सापडतात आणि ती सहसा त्या रोगाने मरत नाहीत, पण आपली गुरे आणि आपण तसे नाही. शेवटच्या दिवसांत वेदनाशामक इंजेक्शने दिलेले किंवा औषध देऊन दयामरण दिलेले जनावरही उघड्यावर टाकू नये. उथळ पुरणे हे मात्र न पुरण्यापेक्षा वाईट, कारण तरस ते एका रात्रीत उकरते आणि अवशेष गावभर होतात. वार्धक्याने, अपघाताने किंवा बाळंतपणाच्या अडचणीने मेलेले, औषध न दिलेले ढोर ग्रामपंचायतीने ठरवलेल्या, रस्त्यापासून, पाण्यापासून आणि वस्तीपासून दूरच्या एकाच जागी टाकले जावे. गडचिरोलीत गिधाडांसाठी अशा जागा वनविभागाने मुद्दाम तयार केल्या आहेत. तरसासाठी वेगळे काही बांधायला नको, फक्त ती जागा महामार्गाच्या पलीकडे नसावी, एवढे पाहिले तरी ती दूध पाजणारी मादी मेली तशा माद्या मरायच्या थांबतील. मेलेल्या जनावरावर कीटकनाशक टाकणे हा तर गुन्हाच आहे, आणि त्यात मरणारे प्राणी शेळी मारणारेच असतील असेही नसते.

वाड्यासाठी आणखी एक साधी गोष्ट: कुंपण चार फुटांवरून सहा फुटांवर न्यावे, खालच्या बाजूने दगड रचावेत कारण तरस उडी मारण्यापेक्षा खालून शिरणे पसंत करते, आणि आजारी शेळी व करडे रात्री घराच्या पडवीत घ्यावीत. शेळी मेली तर त्याच दिवशी वनविभागाला कळवावे आणि पंचनामा होईपर्यंत अवशेष हलवू नयेत.

शेवटी घळीतले बीळ. तिथल्या हाडांच्या ढिगावरून कोणी “इतकी जनावरे मारली” असे म्हणत असेल, तर ते बरोबर नाही. पट्टेरी आणि तपकिरी तरसे, ठिपकेदार मादीच्या उलट, पिलांसाठी अन्न तोंडात धरून बिळावर आणतात, आणि साधारण महिनाभराची पिले हाडे-मांस चघळू लागतात. त्यामुळे ढीग साचतच जातो. सौदी अरेबियातील उम्म जिरसान या लाव्हाच्या लांब बोगद्यात पट्टेरी तरसांनी आणलेली अशी लाखो हाडे सापडली, आणि त्यांतली काही सुमारे ७,००० वर्षे जुनी आहेत. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात गुरे, घोडे, उंट, मेंढ्या अशा निदान १४ प्रकारच्या प्राण्यांची हाडे ओळखली गेली. आपल्या ढिगातली हाडे दुरूनच पाहावीत. त्यांत समांतर, पटाशीने तासल्यासारखे ओरखडे असतील तर तो ढीग साळिंदराचाही असू शकतो, कारण तेही हाडे जमवून कुरतडते. खड्डे पडलेली, गाठी चावून नेलेली हाडे आणि कवट्या दिसल्या तर बीळ तरसाचे आहे. ताजी पांढरी विष्ठा आणि बिळाच्या तोंडाशी लहान पंजांचे ठसे दिसत असतील, तर आत पिले आहेत. बीळ बुजवू नये, धूर करू नये, आणि पिले मोठी होऊन आईबरोबर बाहेर फिरू लागेपर्यंत शेतावरची कुत्री त्या घळीकडे जाऊ देऊ नयेत.